हिशेबाची हद्द

आमच्या सिरोंचाकडे 'रेंज' हा शब्द शाळेचे तोंड न पाहिलेल्या माणसालाही ठाऊक आहे. पहिली रेंज जंगलखात्याची. अमुक गाव कोणत्या रेंजमध्ये येते, रेंजरसाहेब मुक्कामी आहेत की दौऱ्यावर, ही चौकशी पिढ्यान्‌पिढ्या चालत आली आहे. दुसरी रेंज मोबाईलची. ती कोणत्या वळणावर मिळते आणि कोणत्या नाल्यापाशी जाते, हे लोकांना पाठ झाले आहे. त्यामुळे शेजारची अकरावीतली मुलगी एका संध्याकाळी वही घेऊन आली आणि "चाचा, फंक्शनची रेंज कशी काढायची जी?" असे विचारू लागली, तेव्हा मी बुचकळ्यात पडलो. फंक्शन म्हटले की या सीमाभागात लग्नाचा फंक्शन हॉल आठवतो.

मी म्हटले, "बेटा, मी बी.ए. झालेला माणूस. कविता लिहितो. गणिताशी माझी फारकत होऊन पस्तीस-चाळीस वर्षं झाली."

ती म्हणाली, "पण तुम्ही जुन्या गोष्टी सांगता ना, चाचा. यातही काही जुनी गोष्ट असेल तर सांगा."

तिच्या घरी तेलुगू बोलतात, दहावीपर्यंतची शाळा मराठी आणि अकरावीचे गणित इंग्रजी. तिला नुसते 'पाठ कर' म्हणून परत पाठवणे जिवावर आले. मी पुस्तक ठेवून घेतले आणि रात्री चाळत बसलो. चाळता चाळता लक्षात आले, की या मुलीला जे दोन शब्द अडले आहेत, त्या दोन शब्दांत सिरोंचाची गेल्या दीडशे वर्षांची बरीचशी कहाणी बसते. तीच आज सांगतो.

आधी ते शब्द समजून घेऊ. आपण एसटीत बसतो. कंडक्टर वय विचारतो आणि तिकीट देतो. पाच वर्षांच्या आतले मूल फुकट, पाच ते बारा अर्धे तिकीट, पुढे पूर्ण. पासष्टी ओलांडली की पुन्हा अर्धे, आणि २०२२ च्या ऑगस्टपासून पंचाहत्तरी ओलांडलेल्यांना प्रवास मोफत झाला. म्हणजे वय सांगितले की तिकीट ठरते. एक गोष्ट आत घातली की ठरलेले एकच उत्तर बाहेर येते, अशा नियमाला गणितात फलन म्हणतात. मुले सरळ फंक्शन म्हणतात. आत काय काय घालता येते त्याची हद्द म्हणजे डोमेन. मराठी पुस्तकांत त्याला 'प्रांत' असाही शब्द आहे. बाहेर कोणकोणती उत्तरे येऊ शकतात, त्यांचा समूह म्हणजे रेंज. इथे डोमेन म्हणजे माणसाचे वय. ते शून्याच्या खाली जात नाही आणि दोनशेपर्यंतही पोचत नाही. रेंज तर फक्त तीन उत्तरांची : शून्य, अर्धे, पूर्ण. पाऊण तिकीट कोणालाच मिळत नाही.

पुढे २०२३ च्या मार्चमध्ये महिलांना एसटीत अर्धे तिकीट लागू झाले. आता 'वय चाळीस' एवढेच सांगितले, तर कंडक्टर काय करील? बाई असेल तर अर्धे, पुरुष असेल तर पूर्ण. एका आकड्याची दोन उत्तरे झाली. म्हणजे नुसत्या वयावर तिकीट ठरत नाही. वय आणि स्त्री की पुरुष, अशी जोडी आत घालावी लागते. नियम तोच चालवायचा, तर त्याचा प्रांत नव्याने आखावा लागतो. हे कंडक्टरला कोणी गणित म्हणून शिकवले नव्हते, पण तो रोज तेच करतो.

आणखी जवळचे उदाहरण तेंदूपत्त्याचे. मे महिन्याच्या उन्हात आमच्याकडची घरेच्या घरे पहाटे जंगलात जातात, पाने तोडतात आणि दुपारी ७०-७० पानांची पुडकी बांधतात. संध्याकाळी फळीवर मोजणी होते. अशी हजार पुडकी म्हणजे एक प्रमाण गोणी. मजुरी शेकड्याच्या दराने. समजा, दर शेकडा ५०० रुपये आहे. म्हणजे एका पुडक्याला ५ रुपये. या हिशेबाच्या डोमेनमध्ये फक्त पूर्ण आकडे येतात. साडेसात पुडकी नसतात. अर्धवट पुडके फळीवर धरत नाहीत. मग रेंजमध्ये काय येईल? ५, १०, १५ असे पाचाच्या पाढ्यातलेच आकडे. एखाद्या बाईच्या हातात ३०७ रुपये पडले, तर तिने पाने मोजायचीही गरज नाही. ३०७ हे उत्तर या हिशेबातून निघूच शकत नाही, एवढे तिला कळले पाहिजे. तसेच दुसऱ्या टोकाला : एका माणसाच्या नावावर एका दिवसात पाच हजार पुडकी लिहिलेली दिसली, तर त्याने साडेतीन लाख पाने तोडली असे होते. दोन हातांच्या प्रांतात तो आकडा बसत नाही.

आमच्या गरिबांच्या दृष्टीने डोमेन-रेंजचा पहिला उपयोग हाच आहे. सगळा हिशेब तपासता आला नाही तरी चालेल. पण कोणते उत्तर अशक्य आहे हे कळले, तर फसवणूक पकडता येते.

असे नियम आपल्या सणावारांतही आहेत. चांद्रमासाचा प्रत्येक महिना २९ चा किंवा ३० चा. रमजानच्या एकोणतिसाव्या संध्याकाळी आम्ही गच्चीवर जाऊन पश्चिमेकडे पाहत असतो, तेव्हा उत्तर माहीत नसते. पण ते या दोहोंपैकीच एक असणार, हे पक्के असते. आणि आमच्या नदीचा पुष्कर मेळा घ्या. गुरू ज्या राशीत जातो, त्या राशीला ठरलेल्या नदीचा पुष्कर भरतो. सिंह राशीला गोदावरी, कन्येला कृष्णा, मीनेला आमची प्राणहिता. बारा राशी हे डोमेन, बारा नद्या ही रेंज. इथे एक वेगळा गुण आहे. रास सांगितली तर नदी कळते, आणि नदी सांगितली तर रासही कळते. उत्तरावरून उलट मागे जाता येते. तिकिटाचे तसे नाही. अर्धे तिकीट पाहून प्रवासी आठ वर्षांचा की सत्तर वर्षांचा, हे सांगता येणार नाही. हा फरक ध्यानात ठेवा, पुढे त्याचे काम पडणार आहे.

प्राणहितेचा शेवटचा पुष्कर २०२२ च्या एप्रिलमध्ये झाला. सिरोंचाचा घाट माणसांनी फुलून गेला होता. तीनच महिन्यांनी त्याच नदीने काय केले, ते पुढे येईलच. त्याआधी थोडे मागे जाऊ.

फलनाची आज शिकवतात तशी व्याख्या जर्मन गणिती डिरिक्ले यांनी १८३७ मध्ये मांडली. त्याआधी फलन म्हटले की एखादे सूत्र डोळ्यांपुढे येई. डिरिक्ले यांचे सांगणे असे, की सूत्र नसले तरी चालेल. ठरलेल्या हद्दीतल्या प्रत्येक संख्येला ठरलेले एकच उत्तर असले, की झाले. त्यामुळे हद्दीला महत्त्व आले. सूत्र तेच ठेवून हद्द बदलली, तर ते दुसरेच फलन होते, असे पुढे गणितात मानले जाऊ लागले.

युरोपात कागदावर हे चालले होते, त्याच सुमारास इंग्रज इंजिनियर आपल्या नद्यांवर हिशेब मांडत होते. आर्थर कॉटन यांनी १८४७ ते १८५२ या काळात गोदावरीच्या मुखाकडे दौलेश्वरमला बांध घातला. कालवे निघाले, त्रिभुज प्रदेशातली शेते भिजली, कालव्यांतून नावा फिरू लागल्या. दुष्काळाने गांजलेला तो मुलूख पालटला; आजही तिथले लोक कॉटन यांचे नाव आदराने घेतात. या यशातून पुढचा विचार निघाला. खाली नावा चालतात, तर वरही का चालू नयेत? समुद्रापासून गोदावरीने यायचे, सिरोंचाशी प्राणहितेत शिरायचे आणि तिथून वर्धा नदीने थेट कापसाच्या मुलखापर्यंत जायचे.

काळही अनुकूल होता. १८५४ मध्ये नागपूरचे भोसल्यांचे राज्य इंग्रजांनी खालसा केले होते. १८६० मध्ये निजामाशी तह होऊन गोदावरीच्या डाव्या तीरावरचा मुलूख त्यांच्या ताब्यात आला. 'अप्पर गोदावरी' नावाचा नवा जिल्हा निर्माण झाला आणि त्याचे मुख्य ठाणे झाले सिरोंचा. आज गडचिरोलीहून सुमारे दोनशे किलोमीटर दूर, महाराष्ट्राच्या अगदी टोकाचे म्हणून ज्या गावाचे नाव घेतात, ते तेव्हा जिल्ह्याचे ठिकाण होते. भद्राचलमही याच जिल्ह्यात होते. ग्लासफर्ड नावाचे डेप्युटी कमिशनर इथे कारभार पाहत; सिरोंचा तालुक्यातले ग्लासफर्डपेठा हे गाव त्यांच्या नावाची आठवण ठेवून आहे. १८६१ मध्ये अमेरिकेत यादवी युद्ध पेटले, तिथला कापूस अडकला आणि इंग्लंडच्या गिरण्यांना वऱ्हाड-हिंगणघाटच्या कापसाची निकड लागली. तो बैलगाड्यांनी न नेता नदीने काकीनाडा बंदरात नेता आला तर?

नदीत तीन ठिकाणी खडकांचे मोठे अडथळे होते. पहिला दुम्मुगुडेमला, दुसरा सिरोंचाच्या खाली इंचमपल्लीजवळ आणि तिसरा वर प्राणहितेत, अहेरीकडे देवलमरीजवळ. हेग नावाच्या इंजिनियरच्या देखरेखीखाली तिथे बांध, कालवे आणि नावा चढवण्या-उतरवण्याचे दरवाजे बांधण्याचे काम सुरू झाले.

आता हा हिशेब आपण एसटीच्या तिकिटासारखा मांडून पाहू. नदीत पाणी किती, हे आत घालायचे. नाव किती माल नेईल, हे बाहेर येणार. पाणी जितके खोल, तितका माल जास्त. सूत्र बरोबर आहे. पण त्याचा प्रांत किती? पाणी इतके कमी झाले की नावेचा तळ खडकाला लागतो, तिथे एक टोक. महापुरात धार इतकी वाढते की नाव सांभाळता येत नाही, तिथे दुसरे टोक. या दोन टोकांच्या मध्ये वर्षातले किती दिवस येतात, हा खरा प्रश्न होता. आमच्याकडच्या कोणत्याही नावाड्याने तो बोटांवर मोजून सांगितला असता. पावसाळा आणि त्यापुढचे काही महिने. मग वाळू उघडी पडते, आणि उन्हाळ्यात लोक नदीच्या पात्रातून पायी जातात.

खालच्या प्रदेशात कॉटन यांचा हिशेब खरा ठरला, कारण तिथे सपाट जमीन होती, बांधामागे पाणी तुंबून राहत होते आणि कालव्यांच्या पाण्यावर शेतसाराही मिळत होता. इथे खडक, जंगल आणि आटणारी नदी. एका प्रांतात खरे ठरलेले फलन दुसऱ्या प्रांतात नेले होते. दुसरी गोष्ट भावाची. अमेरिकेतले युद्ध १८६५ मध्ये संपले आणि कापसाचे चढे भाव उतरले. युद्धाच्या भावावर मांडलेला हिशेब युद्धापुरताच खरा होता. तिसरी गोष्ट, १८६७ मध्ये मुंबईहून रेल्वे नागपूरला पोचली. रेल्वेला पावसाळा आणि उन्हाळा सारखाच. अखेर १८७१ मध्ये सरकारने नदीचे काम थांबवले. १८७४ मध्ये अप्पर गोदावरी जिल्हाही मोडला. भद्राचलमकडचा भाग मद्रास इलाख्यात गेला आणि सिरोंचा चांदा जिल्ह्याला जोडले गेले. गणितातला प्रांत चुकला आणि आमचा सरकारी प्रांतही बदलला. पुढे २६ ऑगस्ट १९८२ रोजी चंद्रपूरचे विभाजन होऊन गडचिरोली जिल्हा झाला, तेव्हा सिरोंचा त्यात आले. दुम्मुगुडेमला त्या जुन्या कामाच्या खुणा आजही दिसतात.

हेग किंवा कॉटन मूर्ख होते, असे मला मुळीच म्हणायचे नाही. ते आपल्या विद्येत निष्णात होते. सूत्र चुकले नव्हते, हेच तर समजून घ्यायचे आहे. कोणत्या दिवसांसाठी आणि कोणत्या जमिनीसाठी ते खरे, याचा विचार कमी पडला.

नदीचा दुसरा हिशेब पुराचा. भद्राचलमला गोदावरीचे पाणी फुटांत मोजतात. ४३ फुटांवर पहिला इशारा, ४८ फुटांवर दुसरा, ५३ फुटांवर तिसरा. हेही फलनच. पाण्याची उंची आत घालायची. उत्तरे चार : इशारा नाही, पहिला, दुसरा, तिसरा. नियम सोपा आहे आणि त्याने अनेक जीव वाचतात. पण त्याची मर्यादा पाहा. १६ ऑगस्ट १९८६ रोजी तिथे पाणी ७५.६ फुटांवर गेले. १६ जुलै २०२२ रोजी ७१.३ फुटांवर गेले. या दोन्ही दिवशी नियमाचे उत्तर होते 'तिसरा इशारा', म्हणजे ५३ फुटांना जे उत्तर, तेच ७५ फुटांना. पुष्कराच्या राशीसारखे इथे उलट मागे जाता येत नाही. 'तिसरा इशारा' एवढेच ऐकून आपल्या उंबऱ्याशी पाणी येणार की छपरावरून जाणार, हे कळत नाही. तो बावीस फुटांचा फरक रेंजमध्ये नसतो. तो लोकांच्या घरांत असतो.

२०२२ च्या त्याच जुलैत आमच्या तालुक्यातल्या नदीकाठच्या गावांत पाणी शिरले. माणसे सुरक्षित जागी हलवावी लागली. पिके गेली. आणि या वेळी नदीवर एक नवे बांधकाम उभे होते : मेडीगड्डाचा बंधारा.

तेलंगणाच्या कालेश्वरम प्रकल्पातला हा ८५ दरवाजांचा बंधारा गोदावरीवर, सिरोंचाच्या खालच्या अंगाला आहे. एक काठ तेलंगणात, दुसरा आपल्या सिरोंचा तालुक्यात. २३ ऑगस्ट २०१६ रोजी दोन्ही राज्यांत करार झाला आणि पाण्याची पातळी १०० मीटर ठरली. २०१९ च्या जूनमध्ये उद्घाटन झाले. पातळी ठरली की किती जमीन पाण्याखाली जाईल, हे नकाशावर काढता येते. तेही एक फलनच. पण ते फलन बंधाऱ्यात अडवलेल्या पाण्याचे. महापुराचे पाणी शंभरची रेघ पाहून थांबत नाही. बंधारा सुमारे २८ लाख क्युसेकचा पूर जाईल असा योजला होता, आणि २०२२ च्या जुलैत तिथून २८ लाख क्युसेकहून अधिक पाणी गेले. हिशेबाच्या अगदी काठावरचा तो आकडा होता. पलीकडच्या काठावरचे पंपघरही त्या पुरात बुडाले. त्या वर्षी आमच्याकडच्या बाधित शेतकऱ्यांनी मोबदल्यासाठी साखळी उपोषण केले. त्यांचे म्हणणे एका ओळीत सांगायचे तर असे होते : आमची जमीन तुमच्या हिशेबाच्या प्रांतात घ्या.

पुढे २१ ऑक्टोबर २०२३ रोजी, नदीला महापूर नसताना, या बंधाऱ्याचे काही खांब खचले. राष्ट्रीय धरण सुरक्षा प्राधिकरणाच्या तज्ज्ञांनी नियोजन, आराखडा, कामाची गुणवत्ता आणि देखभाल या चारही बाबींतल्या उणिवांवर बोट ठेवले. पाणी वळवण्यासाठी असतो तो बंधारा. तो धरणासारखा पाणी साठवून ठेवण्यासाठी वापरला गेला, हा मुद्दाही चौकशीत पुढे आला. दीडशे वर्षांपूर्वीचा धडा याच नदीने, जवळजवळ त्याच जागी, पुन्हा गिरवून घेतला. कोणतीही वस्तू, कोणताही नियम, कशासाठी आणि कुठपर्यंत, हे आधी विचारावे लागते.

मित्रहो, हे फक्त इंजिनियरांचे काम आहे, असे समजू नका. औषधाच्या बाटलीवर डोस लिहिलेला असतो, तो कोणत्या वयासाठी? खताच्या पिशवीवर एकरी प्रमाण असते, ते कोणत्या जमिनीसाठी? सरकारी योजनेच्या कागदावर रक्कम असते, ती कोणत्या तारखेपर्यंत आणि कोणासाठी? हे सगळे डोमेनचे प्रश्न आहेत. आपण बहुतेक वेळा रक्कम आधी वाचतो, म्हणजे रेंजकडे आधी पाहतो, आणि हद्द बारीक अक्षरात आहे म्हणून सोडून देतो.

दुसऱ्या दिवशी मुलगी आली, तेव्हा मी तिला एसटीपासून बंधाऱ्यापर्यंत सगळे सांगितले. तिने ऐकून घेतले आणि वहीतले एक गणित पुढे केले. एक भागिले, क्ष वजा तीन. मी थोडा वेळ पाहत राहिलो. तिनेच सोडवले. "क्ष तीन झाला तर खाली शून्य येतो, चाचा, आणि शून्याने भागता येत नाही. म्हणून डोमेन, तीन सोडून सगळे."

मी म्हटले, "मग 'सगळे' एवढंच लिहून चालत नाही का? एकच तर आकडा सुटतो."

"नाही जी," ती म्हणाली. "जो सुटला, त्याचं नाव उत्तरात लिहावंच लागते. नाही तर मार्क कापतात."

एवढे बोलून तिने वही मिटली आणि दुसरी वही मागे ठेवून गेली. त्यात तेंदूच्या हंगामातला तिच्या आईचा हिशेब होता. तो तपासून द्यायचे मी कबूल केले आहे.

(आकाशवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)